ताल्नेसच्या शेवटल्या पावाची मोहीम

स्वस्ति. उत्तर स्वीडन प्रांती, ताल्नेस नामे गावी, फुटबॉल मंडळाचे दफ्तर आम्हांकडे आहे, म्हणोन जे डोळां देखिले ते लिहितों. पदरचा मीठमसाला घातला नाही. घातला असेल तर दोन तपासनीस सभासद सही करण्याआधी वाचतातच, आणि ते भारी खडूस आहेत.

राजमान्य राजश्री फोल्के रीडमार्क, किताब 'डावी भिंत', यांणी अकरा वर्षे ताल्नेसची डावी बाजू राखिली. गनिमाचे पाय मोडिले, आपले दोन दात खर्ची घातिले, आणि डोईने चेंडू ऐसा मारीत की मैदानाबाहेरील झाडांवरचे पक्षी उडोन जात. ऐसे पराक्रमी असतां, वरल्या वर्गांत चढावयाच्या निर्णायक सामन्यांत, शेवटल्या घटकेस, तीच डोई फिरली आणि चेंडू आपल्याच जाळ्यांत गेला. मोठी शिकस्त जाहली. त्या दिवशी गावांत त्यांशी कोणी बोलेना. शिव्याही कोणी देईना, या मुलखांत राग आला म्हणजे माणसे हवापाण्याचे बोलतात, आणि त्या दिवशी तेही बोलेनात. मग मैदानावरील कॉफीच्या टपरीची मालकीण मायवोरमावशी, तिणे ताटांत उरलेला शेवटला वेलचीपाव उचलोन त्यांचे हाती दिला आणि म्हणाली, "खा. हा तुझाच. उद्या सराव आहे, रडत बसू नकोस." तो पाव खाऊन फोल्के उभे राहिले, ऐसे मायवोरमावशी आजही सांगते, आणि दरवेळी पाव थोडा मोठा होतो.

पुढे स्वारी परमुलखी गेली. चौदा वर्षे जर्मनीत व इटलीत राहिली, आधी खेळाडू, मग कारभारी. तेथे खेळाडू पारखणे, करार बांधणे, मोठमोठ्या मुत्सद्द्यांशी टेबलावर हात आपटून बोलणे, ही सर्व विद्या हस्तगत केली. मग मायभूमीची ओढ लागली आणि ताल्नेसच्या मंडळाने त्यांस क्रीडासंचालकपदाची वस्त्रे दिली. वस्त्रे म्हणजे मंडळाचे निळे जाकीट, बाही थोडी आंखूड. स्वारीने भर सभेत वचन दिले की मोसमाचा पहिला सामना घरच्या मैदानावर होईल, न जाहला तर आपण जाकीट उतरवून निघून जाऊ. कोणी मागितले नव्हते हो हे वचन! परंतु परमुलखी राहिल्याने बोलण्याची सवय जडली होती.

मग पहिली मसलत भरली. मंडळाचे अध्यक्ष हेल्मेर ओस्टलुंद, वय एकुणऐंशी, पूर्वी टपाल वाटीत असत, ते मध्ये बसले. मायवोरमावशीने ताटभर वेलचीपाव ठेविले. खलबत होत होत ताटांत एक पाव उरला. आतां आमचे येथील दस्तूर असा की शेवटल्या पावास कोणी हात लावूं नये. फारच जीव गेला तर सुरीने अर्धा घ्यावा, मग पुढल्याने अर्ध्याचा अर्धा, आणि याप्रमाणे चालावे. संचालक महाराज नव्या आघाडीवीराच्या करारावर बोलत होते. बोलतां बोलतां हात पुढे गेला आणि पाव उचलला आणि खाल्ला. अख्खा! वर बोटे चाटली.

खोलींत कॉफीचे यंत्र तेवढे गुरगुरत होते. हेल्मेर अध्यक्ष खिडकीबाहेर पाहून म्हणाले, "आज वारा आहे." सर्वांनी वारा आहे हे मान्य केले आणि सभा उठली.

स्वारीस काडीचा सुगावा लागला नाही. मग एप्रिलांतल्या एका गुरुवारी आभाळ फाटले आणि मैदानावर गुडघाभर बर्फ पडले. शनिवारी सामना, आणि पंचाचा निरोप आला की दोन प्रहरी बारा वाजतां हिरवळ दिसली पाहिजे, न दिसल्यास सामना ग्रानोच्या मैदानावर हलविला जाईल. ग्रानो म्हणजे आमचा जन्माचा गनीम! त्यांच्या टपरीवरची कॉफी पिणे म्हणजे, जाऊं द्या, लिहितांनाही तोंड कडू होते.

दरसाल बर्फ पडले की गावची रयत न बोलावतां फावडी घेऊन येते. या खेपेस शुक्रवारी सकाळी मैदानावर एकही फावडे नाही. स्वारीने घरोघर फोन लाविले. एकाने कळविले की मोटारीचे हिवाळी टायर बदलणे आहे. दुसऱ्याच्या कमरेत उसण भरली होती. तिसऱ्याने कळविले की इमारतीच्या धुलाईखोलीत आज आपली कपडे धुण्याची पाळी, आणि धुलाईची पाळी सोडणे या मुलखांत देवासही शक्य नाही. खुद्द अध्यक्षांनी कळविले की वारा आहे.

मग महाराजांनी एकट्याने फावडे उचलिले. डावी बाजू राखणारा वीर, गुडघ्याची दोनदां शस्त्रक्रिया जाहलेली, चार तास बर्फाशी झुंजला आणि एका गोलापुढील चौकट तेवढी मोकळी केली. ती तीच चौकट, जेथे पूर्वी डोई फिरली होती. आम्ही टपरीच्या खिडकींतून पाहत होतों. मदतीस कां गेलों नाही, ऐसे पुसाल तर लाज वाटते. आमचाही राग होता.

मायवोरमावशीस मात्र राहवले नाही. ती जाऊन उभी राहिली आणि म्हणाली, "काय रे, कोणी आलं नाही ना?"

"नाही. मावशी, माझं चुकलं तरी काय? लोक मला परका समजतात का?"

"शेवटचा पाव खाल्लास, फोल्के. अख्खा."

"पाव?" स्वारीने फावडे बर्फांत रोवले. "अगं, उरला होता म्हणून खाल्ला!"

"उरला होता म्हणूनच खायचा नव्हता. इतकी वर्षं बाहेर राहून एवढंही विसरलास?"

"पण तेव्हा, त्या सामन्यानंतर, तूच तर दिला होतास मला शेवटचा."

"दिला होता, बाबा. तू उचलला नव्हतास."

हे ऐकोन डावी भिंत बर्फावर मटकन खाली बसली. आणि डोळ्यांस पाणी आले, ते थंडीने आले ऐसे त्यांचे म्हणणे, ते आम्ही नोंदवितों.

मग मसलत फिरली. त्याच दुपारी टपरीच्या भट्टीपुढे खासा महाराजांचा मोर्चा लागला. पहिले ताट करपले. दुसरे ताट फुगेचना, मावशीने ते पाहून कपाळावर हात मारिला. तिसऱ्यास यश आले, सत्तेचाळीस पाव उतरले. आणि मंडळाच्या फलकावर संचालकांच्या सहीचे फर्मान लागले, ते येणेप्रमाणे: "उद्या सकाळी सात वाजता पाव आणि कॉफी. चूक झाली. शेवटचा मी खाणार नाही."

शनिवारी सातास दहा मिनिटे कमी असतांना सेहेचाळीस फावडी मैदानावर हजर. उसण भरलेला सर्वांत पुढे! आणि ऐशी धुमश्चक्री जाहली की बर्फाचे डोंगर कुंपणाबाहेर गेले, आणि हेल्मेर अध्यक्षांनी खांद्यावर टपालाची जुनी पिशवी टाकून कोपऱ्याच्या रेषा झाडिल्या, आणि कोणी कोणास पावाविषयी एक शब्द बोलिला नाही. पावणेबारास हिरवळ दिसली. पंच चालत आले, बुटाने माती दाबिली आणि म्हणाले, "चालेल."

मग ताट निघाले. वाटतां वाटतां एक पाव उरला. सर्व नजरा ताटावर आणि ताटावरून फोल्केंवर. त्यांणी हात पाठीमागे बांधिले. हेल्मेरांनी सुरी घेतली, अर्धा कापिला. पुढल्याने अर्ध्याचा अर्धा. ऐसे होत होत नखाएवढा तुकडा राहिला आणि त्यास सुरी लागेना. तेव्हां मायवोरमावशीने तो चिमटींत उचलला आणि संचालकांच्या तळहातावर ठेविला. "घे. हा तुझाच. आणि पुढच्या खेपेला वेलची जास्त घाल, कंजूष कुठला!"

सामना एक-तीन गेला. तो या बखरीचा विषय नव्हे.

आम्ही दफ्तरीं लिहिले: "ताल्नेसकरांची अभूतपूर्व महाफत्ते. पराक्रमी संचालक फोल्के रीडमार्क आमचा." तपासनिसांपैकी एक खुद्द हेल्मेर अध्यक्ष, त्यांकडे तपासावयास दिले. त्यांणी चष्मा लाविला. 'ताल्नेसकरांची अभूतपूर्व महाफत्ते' यावर काट मारून 'ठीक झाले' लिहिले, की उगाच बढाई कशास. 'पराक्रमी' काटले. 'संचालक'ही काटले. 'आमचा' या शब्दापाशी लेखणी बराच वेळ थांबली. मग त्यांणी तो तसाच राहूं दिला आणि खाली सही केली.