महादेवी अक्कांची तिसरी रांग

शेजारच्या महादेवी अक्कांनी मला कधी ‘कसं काय’ म्हणून विचारलं नाही. भेटल्या की हात धरायच्या, बोटांच्या सांध्यांवर अंगठ्यानं करकचून दाबायच्या आणि म्हणायच्या, ‘‘मूठ मिटा, गुरुजी. सकाळी उठल्या उठल्या मिटती का?’’ मिटते म्हटलं की त्यांचा माझ्यातला रसच संपायचा.

अक्कांना आमवात होता. पहिल्या बाळंतपणानंतर लागलेला. बोटं करंगळीकडं कललेली, मनगटं सुजलेली. पण रुबाब असा, की जणू ही त्यांची खानदानी जहागीर! कुणी ‘माझेही गुडघे दुखतात हो’ म्हटलं की फाडकन सांगायच्या, ‘‘ते म्हातारपण हाय. आमचा वात ज्वानीत येतो, दोन्ही हातांला बरोबर येतो, अन् सकाळी पार लाकूड करून सोडतो. उगं आमच्यात घुसू नका!’’ भाचीसाठी स्थळ बघायला गेल्या, तर पगार विचारायचा सोडून मुलाला मूठ मिटायला लावली. तो बिचारा चहा येईपर्यंत दोन्ही मुठी आवळून बसला होता.

मग तो दुष्काळ आला. लातूर नुकताच जिल्हा झालेला. कलेक्टर आले, नव्या पाट्या आल्या, लाल दिव्याची गाडी आली. पाणी तेवढं यायचं राहिलं. गल्लीत टँकर आला की बायांची एक रांग, बाप्यांची एक, आणि मधे भांडणं. एके सकाळी अक्कांनी पदर खोचला आणि जाहीर केलं, ‘‘आजपासून तिसरी रांग! ज्यांची मूठ मिटत न्हाई त्यांची. पहिलं पाणी त्यांना, अन् घागर उचलून द्यायची बाप्यांनी.’’

‘‘अक्का, असा काही कायदा न्हाई,’’ टँकरवाला म्हणाला.

‘‘जिल्हा नवा हाय, कायदा बी नवा निघंल. सोड पाणी!’’

तपासणी अर्थात अक्कांची. पहिल्या दिवशी निम्मी गल्ली लुळी होऊन आली! एक धडधाकट आडत्या बोटं वाकडी करून उभा राहिला. ‘‘नाटक्या, काल पारावर पत्ते पिसत होतास,’’ म्हणून त्याला हाकललं. पण खऱ्याही निघाल्या. घरात ज्यांना झोपाळू, कामचुकार म्हणत, अशा तरण्या बाया गुपचूप हात पुढं करायच्या. अक्का त्यांच्या नवऱ्यांना भर रस्त्यात झापायच्या, ‘‘हिला आळशी म्हन्तोस? तुझी बोटं दारात चेंगरून बघ, मग बोल!’’ रांग वाढतच गेली. आपल्याच गल्लीत इतक्या जणी हे सोसतायत, याचा आम्हाला पत्ताच नव्हता.

अक्कांची सून शोभा निलंग्याची. लग्नाला वर्ष झालेलं. सकाळी उठायला उशीर करायची, कणीक मळायचं टाळायची, हातातून तांब्या पडायचा. अक्कांच्या तोंडाचा पट्टा चालूच. ‘‘ऐतखाऊ पोर पदरात पडली, गुरुजी. सोमवारी निलंग्याला नेऊन घालते. शिकवू द्या आईला काम.’’ अशी नेऊन घातलेली सून परत आणायला सहसा कुणी जात नाही. शोभाला ते चांगलं ठाऊक होतं.

रविवारी टँकर आला. अक्का हात तपासत पुढं सरकत होत्या. ‘‘मूठ मीट. हां. पुढची. मीट…’’ आणि थबकल्या. समोर शोभा.

‘‘तू हितं काय करायलीस?’’

शोभानं नुसता हात पुढं केला. अक्कांनी दाबला, तोही हळूच. पोर ‘आई गं’ करून खालीच बसली.

‘‘बोलली का न्हाईस गं?’’

‘‘अख्ख्या गल्लीला विचारलंत, आत्याबाई. मला कुठं विचारलंत?’’

अक्का मोठ्यानं रडल्या, चारचौघांत, लाज न धरता. ‘‘माझी सासू मला हेच म्हणायची गं,’’ एवढंच म्हणत राहिल्या.

सोमवारी दोघींनी एसटी पकडली खरी, पण सोलापूरची. ‘‘मी बोटं वळल्यावर दवाखान्यात गेले,’’ अक्का मला म्हणाल्या, ‘‘हिची अजून सरळ हायती.’’

त्या उन्हाळ्यात आम्ही ओल्या फडक्यानं अंग पुसून भागवत होतो. पण अक्कांच्या ओसरीवर रोज सकाळी पातेलंभर ऊन पाणी असायचं, आणि सासू-सून समोरासमोर बसून त्यात हात बुडवायच्या.

‘‘लई कडक हाय का गं?’’

‘‘न्हाई, आत्याबाई.’’

तरी अक्का वाकून पाण्यावर फुंकर घालायच्या.