मारोतभाऊंचा टँकर

आमचे शेजारी मारोतभाऊ नमस्कार-चमत्कार करत नाहीत. भेटले की सरळ तुमच्या पाठीला कान लावतात. "घ्या लंबा श्वास." मग निकाल: "शिट्टी नाई. पास!" माझे व्याही आले तर त्यांनाही भर पंगतीत उठवून तपासलं. लाजेनं मी अर्धा झालो.

घुग्घुसच्या कोळसा खाणीत त्यांनी उभी हयात रस्त्यावर पाणी मारायचा टँकर चालवला. धूळ दिसली की पाणी सोडायचं, एवढंच शास्त्र. घरात एकटेच. जीव सगळा नागपूरच्या नातीत, परीत. मागच्या उन्हाळ्यात ती इथं आली आणि तिची छाती सूं सूं वाजू लागली. ॲलर्जिक ब्राँकायटिस. लेकीनं पोरीला उचललं, म्हणाली, इथली धूळ सरेल तेव्हाच येईन.

झालं, भाऊ पेटले! दिवाळीला परी आलीच पाहिजे. सकाळी अंगण, दुपारी भिंती, संध्याकाळी पडदे अन् गाद्यासुद्धा. पाणीच पाणी. आमच्या वाळवणाच्या पापडांवर फवारा आला तेव्हा माझं डोकंच फिरलं. भांडायला गेलो, तर म्हणे, "पापड मोठा का पोरीचा श्वास?" मी आपले पापड उचलून आत नेले.

दिवाळीला परी आली. अख्ख्या गल्लीनं फटाके बंद ठेवले होते. घरात धूळ औषधालाही नव्हती. अन् दुसऱ्याच दिवशी पोरीची शिट्टी सुरू! तोंडात मारायचा दम्याचा पंप होता म्हणून निभावलं. डॉक्टरांनी येऊन पलंगामागची भिंत पाहिली. हिरवी-काळी बुरशी. पोरीचा आजार म्हणजे लागण नव्हे, त्यांनी समजावलं. श्वासनळ्याच हळव्या असतात, धूळ, धूर, ओल, कशानंही सुजतात, आकसतात. लहान काय, मोठं काय, कोणालाही होतं. भाऊंनी पाइप गुंडाळून माझ्या ओट्यावर आणून टाकला.

नंतर आम्ही दोघांनी भिंती खरवडल्या, चुना मारला, गाद्यांना ऊन दाखवलं. आता रोज संध्याकाळी फोन. परी छातीला फोन लावते, भाऊ ऐकतात. काल मी तिथंच होतो, फोन स्पीकरवर होता.

"पास!" भाऊ खुर्चीतून उडालेच. परी या सुट्टीत येणार होती, लेक कबूल झाली होती. मलाही नाचावंसं वाटलं.

"आता तुमची पाळी, आबाजी," पोरगी म्हणाली.

भाऊंनी फोन छातीला लावला आणि श्वास रोखून धरला. तिकडून ती म्हणाली, काहीच ऐकू येत नाही. भाऊ कसेबसे म्हणाले, मग पास ना.

फोन ठेवला तशी त्यांची छाती वाजली. सूं सूं. मी भडकलो. कधीपासून चाललंय हे?

"परीले सांगू नका," ते म्हणाले. "घाबरून जाईन ते पोरगी."

मी त्यांना वळवलं आणि पाठीला कान लावला. इतक्या वर्षांत त्यांच्या पाठीला कोणी कान लावलाच नव्हता. भाऊ पोरासारखे उभे राहिले.

"पास का?" त्यांनी हळूच विचारलं.

"नापास," मी म्हणालो. "बसा गाडीवर."