बाळूकाकांची पालटशाळा

बाळूकाका म्हात्रे रोज सकाळी आमच्या पार्किंगमधला कोपऱ्यातला खांब चाखतात. आधी खांबावरून बोट फिरवतात, मग बोट जिभेला लावतात. क्षणभर डोळे मिटून उभे राहतात आणि निकाल सांगतात. "उतरलीय चव." किंवा, "आज बरी हाय." वॉचमनला याची सवय झाली आहे. नव्या भाडेकरूंना होत नाही.

आमची इमारत नायगाव पूर्वेला, जूचंद्रच्या वाटेवर आहे. पूर्वी इथे मिठागर होतं. त्याच्या उघाडीवर, म्हणजे खाडीचं पाणी आगरात घेण्याच्या दारावर, काका कामाला होते. आता त्याच जागेवर, पण नवव्या मजल्यावर राहतात. "जागा रुसलीय, मेली नाय," हे त्यांचं पालुपद. ते सोसायटीच्या सभेत ऐकू येतं आणि लिफ्ट बंद पडल्यावरही.

गेल्या पावसाळ्यानंतर त्यांनी इमारतीमागच्या मोकळ्या जागेत शाळा काढली. पुठ्ठ्यावर लिहिलं होतं : 'पालटशाळा. जागा पालटायची विद्या. दर रविवारी सकाळी. चपला बाहेर.'

काका सांगतात, ही विद्या जुनी आहे. त्यांच्या लहानपणी तिची शाळा खाडीच्या बांधावर भरायची. शाळेला इमारत नव्हती, कारण पहिल्याच धड्यात तिचा चिखल झाला असता. चौथी पास झालेलं पोर तळं सरकवायचं.

"आणि तुम्ही?" मी विचारलं.

"मी दुसरी नापास. पयली आलेली वेगळी."

तरीही विद्यार्थी जमले. बँकेतून निवृत्त झालेल्या कुलकर्णीबाई गुडघ्यांसाठी आल्या, त्यांच्या मागे आणखी चार-पाच जण. मिठागराचा तळ अनवाणी पायांनी मळून घट्ट करतात, नाहीतर मीठ चिखलात मिसळतं. शाळेत शिकवलं जायचं ते तेच मळणं. सगळ्यांनी ओळीत उभं राहून पाय आपटायचे.

"योगासारखंच आहे," कुलकर्णीबाई म्हणाल्या. "फक्त मॅट नाही."

परिणाम दिसू लागले, पण भलतीकडे. कुलकर्णीबाईंच्या तुळशीच्या कुंडीत खाडीकाठच्या तिवराचा कोंब आला. लिफ्टच्या खड्ड्यात निवटे, खाडीच्या चिखलातले मासे, उड्या मारताना दिसले. गच्चीवरच्या टाकीला भरती-ओहोटी लागली. अमावास्येला ती फसफसून वाहिली आणि नळांना खारं पाणी आलं. प्लंबर तपासायला वर गेला आणि हातात जिवंत बोई घेऊन उतरला. पैसे न मागता, मासा घेऊन निघून गेला. पुन्हा फोन उचलला नाही. जिन्यात पाणी बांधाला चाटत असल्यासारखा आवाज येऊ लागला. जिना कोरडा असायचा.

मागची मोकळी जागा मात्र जशीच्या तशी राहिली. काका दर रविवारी वाकून तिथली माती चाखत आणि बोट पुसून उठत.

याच सुमारास मी एकदा त्यांच्या घरी गेलो. दार त्यांच्या पत्नीने, भीमाकाकींनी उघडलं. त्यांची स्मृती गेलेली आहे, एवढं मला ऐकून माहीत होतं. त्यांनी मला बसवलं, पाणी दिलं आणि स्वयंपाकघरात चहा करणाऱ्या काकांकडे बोट दाखवून हळूच म्हणाल्या, "पाहुने चांगले हायेत. पन रातचं घरी जात नाय." मग खिडकीशी जाऊन विचारलं, "आमचं आगर कंय हाय? या घरान मना काय वलखीचं दिसत नाय."

काका कप घेऊन आले. काकींनी पदर सावरला. परक्यासमोर सावरतात तसा.

मला लिफ्टपर्यंत सोडायला आले तेव्हा काका म्हणाले, "आगर आठवलं, तर मी आठवंन तिला. म्हनून शाळा."

पुढच्या सभेत सेक्रेटरी सावंतांनी शाळा बंद करण्याचा ठराव मांडला. "काका, माझ्या ड्रायव्हिंग सीटखाली खेकडा निघाला. जिवंत! मिसेस गाडीत बसायला तयार नाही." मागच्या जागेवर पेव्हर ब्लॉक बसवून पार्किंग वाढवायचं ठरलं. काम सोमवारी सुरू होणार होतं.

"एक रविवार द्या," काका म्हणाले. "ब्लॉकखाली गेली तर मंग ती माझ्यानं नाय उठायची."

सभेने रविवार दिला. कुलकर्णीबाईंनी हात वर केला, मग बाकीच्यांनी.

त्या सकाळी काका काकींना हाताला धरून खाली घेऊन आले. इतक्या दिवसांत त्या प्रथमच उतरल्या होत्या. काकांनी त्यांना प्लास्टिकच्या खुर्चीवर बसवलं. सावंत ब्लॉकच्या ढिगापाशी हाताची घडी घालून उभे होते. वर्ग ओळीत उभा राहिला आणि पाय आपटू लागला. धूळ उडाली. बाकी काही झालं नाही. काका घामाने भिजले, पण थांबले नाहीत.

"अरं, ही काय कवायत हाय?"

सगळे थांबले. भीमाकाकी उठल्या होत्या.

"आपटताव काय! टाच दाबा, टाच. आनि माझे मागं या. माझे पावलावर आरधा पाय ठेवा. मास्तरनं हेच शिकवलं तुमाला?"

मास्तर मान खाली घालून उभे होते. दुसरीतले नापास.

काकींनी चपला काढल्या आणि पुढे झाल्या. टाच, मग बोटं, मग पुढचं पाऊल. मागे कुलकर्णीबाई, त्यांच्या मागे इतर. तिसऱ्या फेरीला माती काळी पडली. मग ओली झाली. मग त्यांच्या पावलांच्या कडांना पांढरी रेघ धरली आणि ती पसरत सावंतांच्या बुटांपर्यंत आली. सावंत मागे सरले नाहीत. वाकून बूट काढू लागले.

जिन्यातला आवाज आता कंपाउंडच्या भिंतीपलीकडून येत होता, आणि मोठा होत होता. भिंतीपलीकडे रस्ता आहे.

काकी थांबल्या. वळून त्यांनी काकांकडे पाहिलं. या वेळी पदर सावरला नाही.

"अवो, तुमी काय उभं रायलाव? भरती आली. उघाडी खोला!"

भिंतीत उघाडी नव्हती. पण काका धावत गेले, भिंतीशी वाकले आणि दोन्ही हातांनी रिकाम्या हवेतली फळी वर ओढू लागले. खालून पाणी आलं.

"आलो गो," ते म्हणत होते. "आलो, आलो."