पाणी प्यायचं निमित्त

आईला सिनेमाला न्यायची आयडिया प्रियाची. "मुलं मोठी होतात, हे आईंना आधी पडद्यावर बघू दे. मग तू सांग," असं बजावून ती तीन आठवड्यांसाठी मैत्रिणीकडे राहायला गेली होती. न्युरेम्बर्गात आपण दोघं दोन वर्षं एकत्र राहतोय, हे भारतातून तीन आठवड्यांसाठी आलेल्या आईला, कमलाबाईंना, सांगायची उज्ज्वलची काही छाती होईना. प्रियाचे कपडे, चपला, कुंड्या, सगळं त्यानं तळघरात नेऊन कोंबलं होतं.

सिनेमा वादग्रस्त होता. विशीतली मुलगी घर सोडून मित्राकडे राहायला जाते, एवढीच गोष्ट. पण पेपरांत नुसता गदारोळ. पडद्यावर तळ्यावर धुकं उतरत होतं, उतरतच होतं. आपण होडीत पडून कुठंतरी वाहत चाललोय, असं उज्ज्वलला वाटायला लागलं. आईच्याही पापण्या जडावल्या होत्या. तेवढ्यात मित्रानं मुलीचा हात हातात घेतला.

"पाणी पिऊन येतो गं!" उज्ज्वल ताडकन उठला. घरी टीव्हीवर असलं काही आलं की बाबा हेच करायचे.

परत येऊन बसतो न बसतो, तो मुलीनं मित्राच्या खांद्यावर डोकं टेकवलं. पुन्हा पाणी! प्रत्येक वेळी अख्खी रांग बिचारी उभी राहायची. तिसऱ्या खेपेला, ऐन चुंबनाच्या वेळी, मागचे एक आजोबा "गेनाऊ!", अगदी बरोबर, असं गरजून त्याच्यापाठोपाठ बाहेर पडले. त्यांच्यामागे आणखी सात जण. निषेध चाललाय, असा सगळ्यांचा समज झाला.

सिनेमानंतर चर्चा होती. दिग्दर्शिका माईक घेऊन थेट उज्ज्वलपाशी आली. "तीनदा उठून गेलात. आक्षेप कशाला आहे?"

"काय म्हणतेय रे ती?" कमलाबाईंनी विचारलं.

"सिनेमा कसा वाटला म्हणते."

"मग आण इकडे. मी बोलते, तू जर्मनमध्ये सांग." बाई निवृत्त मुख्याध्यापिका, माईक दिसल्यावर थोड्याच गप्प बसणार! "मुलगी गेली, त्यात वाद कसला? मुलं मोठी व्हायचीच. पण आईला न सांगता गेली, हे चुकलं."

उज्ज्वलनं सांगितलं. टाळ्या पडल्या.

"माझ्याही मुलाचं तेच. पोरीला कुठं धाडलंय कुणास ठाऊक, आणि खाली दाराच्या बेलवर दोघांची नावं तश्शीच!"

उज्ज्वलची बोबडी वळली. "आल्झो... म्हणजे..."

"सांग ना! लोक थांबलेत."

त्यानं सांगितलं. शब्दन् शब्द. दोन वर्षांचं ओझं उतरलं. सभागृह उभं राहून टाळ्या वाजवायला लागलं, ते आजोबासुद्धा.

उज्ज्वल मटकन खाली बसला. घशाला आता खरोखरची कोरड पडली होती. कमलाबाईंनी पिशवीतून बाटली काढून त्याच्या हातात दिली.

"मघापासून माझ्यापाशीच होती. पी, आणि तिला फोन लाव. बेलवर नाव आहे, तर जेवायला घरी नको का यायला?"