मास्तरीणबाईंचा पास्ता

"तुम्ही यायलाच पाहिजे असं काही नाहीये," हॉटेलच्या खोलीत पर्स खांद्याला लावत मास्तरीणबाई तिसऱ्यांदा म्हणाल्या.

"असं कसं? परक्या मुलखात एकटी कुठे जाशील?" मास्तरांनी त्यांच्या हातातली किल्ली काढून घेतली. "हे बघ, दार आधी आपल्याकडे ओढायचं. मग किल्ली. आधी किल्ली फिरवलीस की लॅच अडकतं."

मास्तरीणबाई बत्तीस वर्षे घराचे दार लावत आल्या होत्या आणि लॅच एकदाही अडकले नव्हते. पण हे मास्तरांना सांगणे म्हणजे पालथ्या घड्यावर पाणी, म्हणून त्या सरळ जिन्याकडे निघाल्या.

मास्तर म्हणजे शाळेतले मास्तर नव्हेत. त्यांचे मोटार ड्रायव्हिंग स्कूल होते आणि निम्मे गाव त्यांच्या हाताखालून स्टिअरिंग धरायला शिकले होते. शिकवणीच्या गाडीत मास्तरांच्या बाजूला एक जादा ब्रेक असे. तोंडाने सूचना आणि पायाने ब्रेक, हा त्यांचा जन्माचा धंदा. तो गाडीत ठेवून माणूस घरी आला असता तर बोलायचे कारण नव्हते. पण मास्तर बायकोच्या मागे उभे राहून "गॅस कमी कर... अजून थोडा... हां, आता बंद!" असे दूध तापवत. बायको सुईत दोरा ओवू लागली की "किंचित उजवीकडे घे" म्हणत. तिला गाडी शिकवायचा प्रयत्न त्यांनी एकदाच केला होता. पहिल्याच चौकात मास्तरीणबाई गाडी चालू ठेवून उतरल्या, पायी घरी आल्या आणि पुढे नऊ दिवस अबोला चालला. गावाला लायसन्स मिळवून देणाऱ्या माणसाच्या बायकोला त्यामुळे अजून लायसन्स नाही. आणि जिने जन्मात कुणाला काही शिकवले नाही, तिला सगळे गाव मात्र मास्तरीणबाई म्हणते.

म्हणूनच आदल्या दिवशी हॉटेलच्या काउंटरवर "स्वतःच्या हाताने पास्ता करा, अडीच तासांत" असा कागद दिसला, तेव्हा त्यांची नजर "पास्ता" या शब्दापेक्षा "स्वतःच्या" या शब्दावर जास्त वेळ थांबली. एक गोष्ट, फक्त एक, सुरुवातीपासून शेवटपर्यंत आपण करायची आणि कानाशी कुणी बोलायचे नाही. त्यांनी आपल्या एकटीपुरती जागा नोंदवली. काउंटरवरच्या भल्या माणसाने आनंदाने सांगितले की टेबलावर दोन जागा असतात, त्यामुळे यजमानांनाही खुशाल आणा. त्याचे तोंड दाबावे असे मास्तरीणबाईंना वाटले, पण मास्तर शेजारीच उभे होते.

क्लास एका जुन्या इमारतीच्या पहिल्या मजल्यावर होता. लांबट खोली, पांढऱ्या फरश्या, भिंतीला टांगलेली पातेली आणि चाकांची सहा टेबले. चाकांना पायाने दाबायचे खटके होते. एकदा दाबला की चाक अडायचे, पुन्हा दाबला की सुटायचे. शिकवणाऱ्या शेफबाई अंगाने भरभक्कम आणि बोलायला कमी होत्या. मोडक्या इंग्रजीत दोन वाक्ये बोलायच्या आणि उरलेले हातांनी करून दाखवायच्या. मास्तरीणबाईंना ती बाई बघताक्षणी आवडली. शेजारच्या टेबलावर एक एकटाच आलेला उंच, टक्कल पडलेला माणूस होता. तो दातांचा डॉक्टर निघाला. तो प्रत्येक गोष्टीला "थँक्यू" म्हणत होता.

शेफबाईंनी पिठाचा ढीग केला, झाडाला करतात तसे त्याला मधोमध आळे केले, त्यात अंडी फोडली आणि काट्याने हलके हलके फेटत कडेचे पीठ आत ओढू लागल्या. मास्तरीणबाईंनीही तसेच आळे केले. छान गोल झाले. अंडी पडली.

"कडेला जाऊ नकोस," मास्तर म्हणाले.

"नाही जात."

"वेग जास्त आहे तुझा. पुढे वळण आहे."

"अहो, काटा आहे हा!"

"तेच सांगतोय. डावीकडे... डावीकडे भिंत पातळ झालीय. उजवीकडे घे. उजवीकडे! अगं, तुझं उजवं!"

त्या उजवीकडच्या गोंधळात डावीकडची भिंत फुटली आणि दोन अंडी टेबलावरून निघाली. मास्तरीणबाईंनी दोन्ही तळहातांचा बांध घातला. मास्तर कडेला उभे राहून उंटावरून शेळ्या हाकाव्यात तसे "इकडून अडव, तिकडून अडव" करत होते. त्यांचे स्वतःचे हात मात्र पाठीमागे बांधलेले. शेफबाई आल्या, एक शब्द न बोलता त्यांनी मूठभर पीठ टाकले आणि गेल्या.

मग मळणे. दहा मिनिटे मास्तरीणबाईंनी जीव ओतून मळले. कणीक तिंबायची तर कुणाची तिंबावी हा विचार मनात येत होता, तो त्यांनी पिठावर काढला. गोळा असा तुकतुकीत झाला की शेफबाईंनी त्यावर बोट दाबून पाहिले आणि मान डोलावली. गोळ्याला अर्धा तास विश्रांती द्यायची म्हणून त्यावर वाडगा पालथा घातला.

"इथे पिठाला विश्रांती मिळते," मास्तरीणबाई पुटपुटल्या.

"काय म्हणालीस?"

"काही नाही."

अर्ध्या तासाने टेबलांवर यंत्रे आली. दोन रूळ, एक हँडल आणि बाजूला गोल बटण. बटणावर एक ते सात आकडे. एकवर पट्टी जाड निघते, सातवर कागदासारखी. एकेक आकडा वाढवत जायचे, असे शेफबाई म्हणाल्या.

हँडल आणि आकडे पाहिले मात्र, मास्तरांच्या चेहऱ्यावर या प्रवासात प्रथमच तेज आले. देवळे, संग्रहालये, कारंजी यांनी जे झाले नव्हते, ते या गिअरबॉक्सने केले.

"फर्स्ट!" मास्तर गरजले. "स्लो! स्लो!"

मास्तरांचे इंग्रजी एवढेच होते, पण ते जगात कुठेही चालते. शेजारच्या डॉक्टरने चमकून हँडल सावकाश केले आणि "थँक्यू" म्हटले. झाले! मास्तरांना एकाऐवजी दोन विद्यार्थी मिळाले.

"सेकंड! अगं, यंत्राचा आवाज ऐक. आवाज सांगतो कधी बदलायचा."

"मला बाईंनी सांगितलंय कधी बदलायचा."

"थर्ड! हां, आता सोड... सोड... सोडू नको!"

पट्टी लांबत चालली. चौथ्या आकड्याला ती मास्तरीणबाईंच्या हातावरून टेबलाच्या कडेशी पोचली. पाचव्याला त्यांना मागे मागे सरकावे लागले. एका हाताने हँडल फिरेना, म्हणून शेफबाईंनी येऊन हँडल धरले आणि मास्तरीणबाई पट्टीचे टोक तळव्यांवर घेऊन चालू लागल्या. पिवळी, मऊ, सरळसोट पट्टी. एवढी सुरेख गोष्ट आपल्या हातून होते आहे याचा त्यांना खरोखर आनंद झाला. शेफबाईंनी बटण सहावर नेले आणि पट्टी भराभर येऊ लागली.

"स्पीड! स्पीड!" मास्तर ओरडले. "ब्रेक!"

आणि त्यांचा पाय पडला. बत्तीस वर्षांची सवय. पाय विचारून पडत नाही. तो पडला नेमका टेबलाच्या खटक्यावर. अडलेले चाक सुटले. हे कळताच मास्तरांनी घाईने दुसरा ब्रेक मारला, तो दुसऱ्या खटक्यावर. तेही सुटले. शेफबाईंचे वजन हँडलवर होतेच, त्यामुळे टेबल शेफबाईंसकट निघाले. मास्तरीणबाई पट्टी वाचवायला टेबलाबरोबर धावल्या. डॉक्टर "ब्रेक, ब्रेक" ऐकून जागच्या जागी पुतळ्यासारखा उभा राहिला. त्याने बाजूला व्हायचे, तर तो थांबला. टेबल त्याच्या टेबलावर आदळले, पिठाची पिशवी उडाली आणि खोली पांढरी झाली. पिठाचा धुरळा विरला तेव्हा पट्टी फरशीवर पडली होती आणि तिच्यावर मास्तरांच्या बुटाचा ठसा होता.

"तरी मी सांगत होतो," मास्तर म्हणाले.

"बाहेर," मास्तरीणबाई म्हणाल्या.

"अगं पण..."

"बाहेर जाऊन बसा. मला एक गोष्ट, एकच गोष्ट माझी मला करू द्या हो! आयुष्यात एक पास्ता मागितला मी!"

भाषा कुणाला कळली नाही, पण अर्थ सहाही टेबलांना कळला. मास्तर मुकाट्याने कॉरिडॉरमध्ये गेले. त्यांच्यामागे दार लागले, आधी ओढून मग फिरवून.

अर्धा गोळा उरला होता. मास्तरीणबाईंनी टेबल जागेवर आणले, खटके दाबले आणि कामाला लागल्या. खोलीत फक्त हँडलांची कुरकुर. कुणी काही म्हणत नव्हते. एक, दोन, तीन. पट्टी पुन्हा तशीच येऊ लागली. इतकी शांतता त्यांना शेवटची कधी मिळाली होती, ते आठवेना.

एवढ्यात त्यांचे लक्ष शेजारी गेले. डॉक्टर बटण तीनवरून चारवर नेताना घाबरत होता. त्यांनी मान वळवून घेतली. आपल्याला काय करायचेय? पुन्हा पाहिले, तर तो पट्टीवर पीठ न भुरभुरवता तशीच घालत होता. चिकटणार. चिकटली. मास्तरीणबाईंनी ओठ घट्ट मिटले. डॉक्टरने पट्टी सोडवली, खूप विचार केला आणि बटण तीनवरून एकदम सातवर नेले.

"अहो, अहो, अहो!" मास्तरीणबाई म्हणाल्या. "तीनवरून सात? फाटेल ती!"

डॉक्टरने "थँक्यू" म्हणून हँडल फिरवले. मग मात्र राहवेना. त्या त्याच्या टेबलाशी गेल्या. आधी फक्त बटण मागे आणले. मग पीठ भुरभुरले. मग त्याचा हात हँडलवरून उचलून बाजूला ठेवला आणि "असं. बघा. सावकाश. घाई कसली आहे?" असे शुद्ध मराठीत सांगत चार, पाच, सहा करून दाखवले. तो फार आज्ञाधारक होता. त्याला शिकवण्यात मजा येत होती. सातवर त्याची पट्टी अशी निघाली की तिच्यातून पलीकडचे पातेले दिसावे.

त्या वळल्या तेव्हा शेफबाई कमरेवर हात ठेवून उभ्या होत्या. मास्तरीणबाईंची स्वतःची पट्टी मागे टेबलावर वाळून कडकडीत झाली होती. शेफबाईंनी तिचा एक तुकडा मोडून दाखवला. मग डॉक्टरकडे बोट केले, स्वतःकडे केले, "टीचर, वन," म्हणाल्या आणि हात दाराकडे दाखवला.

कॉरिडॉरमध्ये मास्तर खिडकीशी उभे होते. खाली गल्लीत कुणीतरी टेम्पो मागे घेत होता आणि मास्तर बंद काचेतून त्याला हातांनी खुणा करत होते.

"झाला एवढ्यात?"

"मला बाहेर काढलं."

"तुला? तू काय केलंस?"

मास्तरीणबाई बाकावर बसल्या. सांगायचे नव्हते, पण पोटात मावेना. "अहो, तो शेजारचा! तीनवरून एकदम सात!"

"काय सांगतेस! चार नाही, पाच नाही?"

"काहीच नाही. पीठसुद्धा भुरभुरलं नव्हतं."

"मग तू सांगितलंस ना त्याला?"

"सांगितलं. करूनसुद्धा दाखवलं."

"बरोबर केलंस," मास्तर कळवळून म्हणाले. "माणूस डोळ्यांदेखत चुकतोय आणि आपण गप्प कसं बसायचं?"

"कसं बसवेल?" मास्तरीणबाई म्हणून गेल्या आणि आपण काय बोललो ते ऐकून एकदम थांबल्या. मास्तर त्यांच्याकडे पाहत होते. हसत नव्हते, हे त्यांचे नशीब.

आतून टाळ्या ऐकू आल्या, मग लोण्याचा वास. थोड्या वेळाने दार किलकिले झाले आणि डॉक्टर बाहेर आला. त्याच्या हातात एक बशी होती, दोन काटे होते. त्याने बशी मास्तरीणबाईंपुढे वाकून धरली, "थँक्यू, टीचर," म्हटले आणि तो आत गेला. पास्त्याच्या फिती एकसारख्या, पातळ आणि चकचकीत होत्या.

मास्तरांनी काटा उचलला आणि फितींचा एक भारा वर ओढला.

"असा नाही," मास्तरीणबाई म्हणाल्या. "काटा आधी बशीला टेकवा. आता फिरवा. हळू. एवढा मोठा नका घेऊ... अजून एक वळसा... थांबा!"

"अगं, खाता येतं मला!" मास्तर वैतागून म्हणाले.

"दिसतंय. शर्ट बघा."