सल्ला न देणारे बिराजदार सर

एसटी स्टँडवर एका माणसाने बिराजदार सरांना विचारलं, "अक्कलकोटची गाडी कुटं लागती ओ?"

सर थांबले. त्याच्याकडे नीट बघत म्हणाले, "अक्कलकोटला जायचंय तुम्हाला."

"व्हय."

"आणि गाडी सापडत नाही म्हणून जीव घाबरा झालाय."

"घाबरा कशाला हुईल? कुटं लागती तेवढं सांगा की!"

"राग आलाय तुम्हाला. येणारच."

गाडी समोरच्याच फलाटावर होती. तो माणूस दुसऱ्या कुणाला तरी विचारायला गेला, तोवर ती सुटली. हा प्रकार मी तीन पावलांवरून पाहिला आहे. ऐकीव नाही.

बिराजदार सर माझे शेजारी. आमच्या दोघांच्या दारांमध्ये फक्त जिना आहे. समाजकार्याच्या महाविद्यालयात ते समुपदेशन शिकवायचे. निवृत्त झाल्यापासून दर शनिवारी अक्कलकोट रोड एमआयडीसीजवळच्या एका हॉलमध्ये वर्ग घेतात. अडचणीतल्या माणसाशी कसं बोलावं, हे शिकायला तिथे टॉवेलच्या कारखान्यांतल्या बायका येतात, अंगणवाडी सेविका येतात, घरी कंटाळलेले निवृत्त शिक्षक येतात. वर्गाचा नियम एकच. सल्ला द्यायचा नाही. समोरच्याचं बोलणं पूर्ण होऊ द्यायचं आणि आपल्याला काय समजलं ते त्याला परत सांगायचं. जो सल्ला देईल त्याने उभं राहायचं.

बातमीसाठी मी एकदा त्या वर्गाला गेलो. एक बाई म्हणाली, "सून माझ्याशी बोलत नाही." एवढंच. दहा मिनिटांत अर्धा वर्ग उभा होता. एक निवृत्त मुख्याध्यापक उठायला तयार नव्हते.

"मी सल्ला दिलेला नाही. मार्गदर्शन केलंय."

"उभं राहून करा," सर म्हणाले.

मागून कारखान्यातली एक बाई बोलली, "सर, नुसतं ऐकून कुणाचं काय भलं हुतंय व्हय?"

"ऐकून काही होत नाही, असं वाटतंय तुम्हाला."

"वाटतंय न्हाय. हुतच न्हाय!"

सगळे हसले. सरही हसले. नियम तसाच राहिला.

घरीही तो लागू होता. काकू मला म्हणाल्या, "भाजीत मीठ कमी आहे का, असं विचारलं तर हे म्हणतात, 'मिठाबद्दल तुझ्या मनात शंका आहे.' लग्नाला इतकी वर्षं झाली. मीठ कमी होतं का, ते मला अजून कळलेलं नाही."

इमारतीत त्यामुळे सर बिनकामाचे ठरले होते. पोराला कुठल्या शाखेला घालावं, गुडघ्याला कुठला डॉक्टर बरा, हे विचारायला त्यांच्याकडे कुणी जात नसे. रडायला मात्र जात. कोण, ते मी लिहिणार नाही. दार लोटलेलं असायचं आणि आत तासभर एकच आवाज चालू असायचा. तो सरांचा नसायचा.

त्या रविवारी सकाळी मी त्यांच्याकडे चहाला बसलो होतो. खालच्या मजल्यावरचे माने आले. माने टॉवेलच्या कारखान्यात मुकादम आहेत. मागे त्यांची मुलगी रूपाली उभी होती. तिला जेऊरच्या पुढच्या एका गावात दिलेलं. वर्षभरात ती तिसऱ्यांदा माहेरी आली होती. तिची बॅग खाली मोटारसायकलला बांधून तयार होती, हे मी येताना पाहिलं होतं. मी उठू लागलो.

"बसा की सायेब," माने म्हणाले. "तुमीबी सांगा दोन शब्द. सर, तुमी शिकल्याली माणसं. आत्ता नेऊन सोडतोय तिला. तेवढं समजावून सांगा."

"तिनं परत जावं, असं तुम्हाला वाटतंय."

"मला वाटून काय उपेग? तिला वाटाया पायजे!"

"तिला काय वाटतंय, ते विचारलंत?"

"त्यात काय इचारायचं? घर म्हनलं की भांड्याला भांडं लागतंयच."

सर रूपालीकडे वळले. वाट बघत राहिले.

"मला तितं..." रूपाली म्हणाली.

"सासू कडक हाय, बाकी मान्सं चांगली हायत," माने म्हणाले.

"रातचं..."

"जावई कारखान्यात कामाला हाय. रातपाळी असती. निर्व्यसनी मानूस."

"आबा, मी काय म्हंते..."

"तू काय म्हंती ते म्हाईत हाय मला."

"गप्प बसा!"

सरांचा आवाज एवढा चढलेला मी कधी ऐकला नव्हता. काकू स्वयंपाकघरातून दारात येऊन उभ्या राहिल्या. माने तोंड उघडं ठेवून बघत होते.

"तिचं होऊ द्या," सर म्हणाले.

रूपाली फरशीकडे बघत बोलली. "हे रातपाळीला गेले की घरात दीर असतो. आमच्या खोलीची आतली कडी हुती, ती काडून टाकलीया. सासूला सांगितलं. ती म्हनली, घरातल्या घरात कडी कशाला लागती."

सरांनी तिचं वाक्य परत केलं नाही.

माने उठले. "चल," म्हणाले. रूपाली जागची हलेना, तेव्हा त्यांनी हलक्या आवाजात पुन्हा सांगितलं, "घरी चल म्हंतोय. खाली." थोड्या वेळाने मी गॅलरीतून पाहिलं. माने मोटारसायकलवरची दोरी सोडत होते. गाठ त्यांना सुटत नव्हती.

मी सरांना म्हणालो, "आज तुम्ही चक्क ओरडलात."

त्यांनी थंड झालेला चहा बाजूला सारला. नेहमीसारखं माझंच वाक्य परत येईल, असं मला वाटलं होतं. आलं नाही.

"मला एक धाकटी बहीण होती. महादेवी," ते म्हणाले. "अक्कलकोटच्या पुढं दिली होती. अशीच एकदा निघून आली. मी तेव्हा नुकताच शिकून बाहेर पडलेलो. स्वयंपाकघरात तिला समोर बसवलं आणि पाऊण तास समजावलं. चांगलं मुद्देसूद. पाच मुद्दे. तिसऱ्या मुद्द्याला ती म्हणाली, 'अण्णा, वंद मातु.' कानडीत, एक सांगू का, म्हणून. मी म्हणालो, थांब, माझं पूर्ण होऊ दे."

काकू दारातून आत निघून गेल्या. त्यांना हे माहीत असावं.

"संध्याकाळच्या गाडीत मीच बसवून दिली तिला. बाराव्या दिवशी ती गेल्याचा निरोप आला. मातीला गेलो."

बातमीदाराला पुढचे प्रश्न आपोआप सुचतात. मी एकही विचारला नाही.

"ते पाचही मुद्दे मला अजून पाठ आहेत," सर म्हणाले. "ती काय सांगणार होती, ते माहीत नाही."