सोळावा शुभसंदेश

"न पाहिलेल्या गोष्टीबद्दल बोलू नये, बाळ. आणि पाहिलेल्याबद्दल बेतानं बोलावं."

आईचं हे सांगणं पन्नास वर्षं पाळणाऱ्या एका ज्येष्ठ समीक्षकांना साहित्य-कला मंडळात सगळे 'तळटीप' म्हणत. चित्रावर लिहायचं तर हे चित्रासमोर तासभर उभे राहणार. कवीवर लिहायचं तर त्याचा शेवटचा, फसलेला संग्रहसुद्धा वाचणार. रोज सकाळी आंघोळ झाली की आदल्या दिवशी लिहिलेलं निम्मं खोडायचं, हा त्यांचा नेम. त्यामुळे मंडळाच्या साहित्य-कला इतिहासाचा, त्यांच्याकडे सोपवलेला सहावा खंड व्हायला अकरा वर्षं लागली. मंडळाला त्यात त्यांचा आळस दिसला.

खंड छापखान्यात गेला आणि त्याच आठवड्यात रद्दीच्या दुकानात त्यांच्या हाती एक पातळसं पुस्तक आलं. एका परिचारिकेनं रुग्णालयातल्या कामातून वेळ काढून रचलेल्या कविता, आणि झिजलेल्या रबरी चपलांचे तळ कोरून, शाई लावून उठवलेली चित्रं. तळटीप तिथेच स्टुलावर बसले आणि पुस्तक संपवूनच उठले. चौकशी केली, तर बाई हयात निघाल्या. वय एकोणनव्वद, नजर पार गेलेली, मुक्काम रुग्णालयामागच्या दोन खोल्यांत.

"माझं नाव इतिहासात?" बाई हसल्या. "चपलांबद्दल काय लिहिणार तुम्ही?"

"एक अख्खं पान लिहिणार. छापून आलं की मी स्वतः येऊन वाचून दाखवीन. शब्द दिला."

"मग जरा लवकर या हो. मी काही तुमच्या मंडळासारखी चिरंजीव नाही."

पान लिहून झालं. छापखान्याच्या मालकानं कपाळाला आठ्या घातल्या. "साहेब, छपाई सोळा पानांच्या फर्म्यानं होते. तुमचा खंड बरोबर चाळीस फर्म्यांत बसलाय. हे एक पान वाढलं की पाठोपाठ पंधरा कोरी येणार."

सचिवांनी तातडीची बैठक बोलावली. "कोरी पानं ही वाचकाची फसवणूक आहे," दुसऱ्या खंडाचे संपादक म्हणाले. भरलेल्या पानांनी ती कशी करायची, याचा त्यांना अनुभव होता. ठराव झाला: परिचारिकेचं पान घ्यावं आणि उरलेल्या पंधरा पानांवर मान्यवरांचे शुभसंदेश छायाचित्रासह छापावेत. आठवड्याभरात पंधराही संदेश आले. खंड अजून छापायचा होता, तरी नऊ जणांनी तो एका बैठकीत वाचून काढला होता.

प्रकाशनाच्या दिवशी मंचावर बसल्याबसल्या तळटीपांनी सहाशे एक्केचाळीसावं पान उघडलं. तिथे मंडळाचे माजी अध्यक्ष हसत होते.

"त्यांचा संदेश मागायचा राहून गेला होता," सचिव कानाशी लागले. "फार दुखावले हो. सोळा संदेश, सोळा पानं. फर्मा कसा गच्च बसला बघा."

"आणि परिचारिका?"

"त्या सतराव्या होतात. म्हणजे पुन्हा पंधरा कोरी. पण त्यांच्यामुळेच हा फर्मा मंजूर झाला, हे मंडळ विसरणार नाही."

वर्तमानपत्रांकडे टिपण मात्र आधीच गेलं होतं आणि त्यात परिचारिकेचा उल्लेख होता. तेव्हा प्रमुख पाहुण्यांनी भाषणात सांगितलं, की ते पान वाचताना त्यांचे डोळे पाणावले. रविवारी परीक्षणं आली. एकानं त्या पानाला खंडाचा आत्मा म्हटलं. दुसऱ्यानं ते थोडं लांबल्याची खंत व्यक्त केली.

घरचा फोन वाजत राहिला. "अहो, अभिनंदन घ्यायचं की नाही?" बायकोनं विचारलं.

"न छापलेल्या पानाबद्दल?"

"छापलेल्यांबद्दल पन्नास वर्षांत कुणी केलं होतं का?"

तळटीप मंडळात गेले. शुद्धिपत्र छापून ते पान खंडात चिकटवा, एवढीच त्यांची मागणी होती. सचिवांनी नियमावली काढली. चूक लेखी कळवणाऱ्या किमान एका वाचकाची तक्रार हवी.

"मी वाचक आहे."

"तुम्ही लेखक. लेखकाचं वाचन धरत नाहीत."

"मंडळाचे सभासद?"

"ते प्रकाशक."

"परीक्षण लिहिणारे?"

"त्यांनी तर पान आवडल्याचं लेखी दिलंय," सचिव हळुवारपणे म्हणाले. "एक तक्रार येऊ द्या. फक्त एक. मी स्वतः खळ घेऊन बसतो."

बाराशे प्रती वाटल्या गेल्या होत्या. शाळांत, कचेऱ्यांत, ग्रंथालयांत, सुविद्य घरांत. तीन महिने तळटीप दर सोमवारी तक्रारपेटी पाहून आले. एकच पत्र निघालं: खंडाच्या पाठीवरचा सोनेरी रंग हाताला लागतो. आपल्याही दिवाणखान्यात तो खंड असेलच. वाचलेला असेल, यातही शंका नाही. पेटी अजून उघडी आहे, एवढंच आपल्या माहितीसाठी.

मग रुग्णालयातून निरोप आला. बाईंचं अन्न सुटलंय, आणि "ते इतिहासवाले यायचे होते" असं अधूनमधून म्हणतात.

तळटीपांनी खंड कपाटातून काढला आणि परत ठेवून दिला. कोरा कागद घेतला, ते पान सुवाच्य अक्षरात पुन्हा लिहिलं. आयुष्यात पहिल्यांदाच काही खोडलं नाही.

"छापलेलं नाही, हे सांगणार त्यांना?" बायकोनं दारात विचारलं.

"सांगणार. आधी वाचीन, मग सांगीन."

तिनं कागदाला घडी पडू नये म्हणून तो पुठ्ठ्यात घालून दिला. त्यांनी दार आवाज न करता ओढून घेतलं आणि जिना उतरू लागले.